घर कुणाचं, कर्ज कुणाचं?

(बचत गट आणि महिला मंडळांच्या कार्यकर्त्यांसाठी झालेल्या शिबिरातील भाषण. छापताना बोलण्याचा बाज तसाच ठेवला आहे.)

सकाळी आपण कौटुंबिक हिंसाचाराच्या कायद्यावर बोललो. दुपारच्या सत्रासाठी फळ्यावर ‘घरकर्जाचा हिशेब’ असं लिहिलेलं पाहिलं आणि मागच्या रांगेतून आवाज आला, “जेवणानंतर आकडेमोड? आता सगळ्या झोपणार!” झोपा, माझी हरकत नाही. पण त्याआधी एक गोष्ट ऐका.

काही वर्षांपूर्वी आमच्या समुपदेशन केंद्रात एक नर्स आली. नवऱ्याचा मार खाऊन खाऊन शेवटी मुलीला घेऊन माहेरी आलेली. तशा बायका रोज येतात. ही वेगळी का, तर तिनं मारहाणीची हकीकत सांगायच्या आधी प्लास्टिकच्या पिशवीतून एक कागद काढून टेबलावर ठेवला. बँकेची नोटीस होती. साठ दिवसांत थकलेलं सगळं कर्ज भरा, नाहीतर घराचा ताबा घेऊ. नवऱ्यानं हप्ते भरणं बंद केलं होतं आणि नोटीस हिच्या माहेरच्या पत्त्यावर आली होती. ती म्हणाली, “ताई, घराच्या कागदावर माझं नाव नाही. कर्जाच्या कागदावर आहे. असं कसं?”

मला उत्तर देता आलं नाही. समाजकार्याचं एम.ए. करताना आम्ही कायदे शिकलो, गटकार्य शिकलो, समाजरचनेचे सिद्धान्त शिकलो. कर्जाचा तक्ता वाचायला कुणी शिकवलं नव्हतं. मग बँकेतून निवृत्त झालेल्या एक बाई आमच्या संस्थेच्या हितचिंतक आहेत, त्यांच्याकडे मी आणि ती नर्स, दोघी सलग तीन रविवार बसलो. तिथे जे शिकले, तेच आज तुमच्यापुढे मांडणार आहे.

आपल्याला व्याज कळत नाही, हा समज आधी डोक्यातून काढून टाकू या. आपल्याला व्याज चांगलं कळतं. बचत गटातून एखादीनं २०,००० रुपये घेतले, शेकडा दोन रुपये महिना व्याजानं, दहा महिन्यांत फेडायचे. दर महिन्याला २,००० मुद्दल. पहिल्या महिन्याचं व्याज ४००, दुसऱ्याचं ३६०, असं उतरत उतरत शेवटच्या महिन्याला ४०. बेरीज करा. २,२०० रुपये. म्हणजे शंभर रुपयांमागे अकरा रुपये व्याज.

आता बँकेकडे जाऊ. घरकर्ज समजा ९ टक्क्यांनी मिळालं. हिशेब सोपा जावा म्हणून मी हा दर धरते. वर्षाला ९ टक्के म्हणजे महिन्याला शेकडा पाऊण रुपया. आपल्या गटाच्या निम्म्याहूनही कमी! मग बँक स्वस्त पडली, हो ना? थांबा. २० लाखांचं कर्ज, २० वर्षांची मुदत. महिन्याचा हप्ता येतो १७,९९५ रुपये. असे २४० हप्ते. एकूण भरायचे ४३ लाख १८ हजारांच्या वर. म्हणजे मुद्दल २० लाख आणि व्याज २३ लाखांहून जास्त. शंभर रुपयांमागे ११६ रुपये व्याज.

दर गटाच्या निम्म्याहून कमी आणि व्याज दसपट, हे कसं? मुदतीमुळे. बँक आपल्याला ‘दर किती’ हे मोठ्या अक्षरात सांगते. आपणही शेजारणीला विचारतो, “तुम्हाला किती टक्क्यानं मिळालं?” मुदत मात्र कुणी विचारत नाही, आणि खरा खर्च तिथेच असतो.

हेच २० लाख, याच दरानं १५ वर्षांत फेडले तर हप्ता येतो २०,२८५ रुपये. महिन्याला सुमारे २,३०० रुपये जास्त. पण एकूण व्याज साडेसोळा लाख, म्हणजे ६ लाख ६७ हजार रुपये वाचले. उलट कुणी सांगितलं, “ताई, हप्ता जड जातोय ना, मग ३० वर्षं करून टाका,” तर हप्ता १६,०९२ होतो. महिन्याला १,९०० रुपयांची सुटका, आणि त्या सुटकेची किंमत पावणेपंधरा लाख. ३० वर्षांत २० लाखांवर जवळजवळ ३८ लाख रुपये नुसतं व्याज जातं.

आता माझं आवडतं पान उघडू या, कर्जफेडीचा तक्ता. प्रत्येक हप्त्यात मुद्दल किती आणि व्याज किती, ते त्यात लिहिलेलं असतं. आपल्या २० लाखांच्या कर्जाचा पहिला हप्ता पाहा. १७,९९५ पैकी १५,००० व्याजाला आणि २,९९५ मुद्दलाला. पहिल्या वर्षभरात आपण २ लाख १६ हजार रुपये भरतो आणि मुद्दल उतरतं साडेसदतीस हजार. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा व्हायला तेरावं वर्ष उजाडावं लागतं. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मा रस्ता चालून झाल्यावर, आपण साडेएकवीस लाखांहून जास्त पैसे भरलेले असतात आणि डोक्यावर अजून १४ लाख २० हजारांचं कर्ज असतं.

हा आकडा वहीत लिहून घ्या. आपल्या केंद्रात येणाऱ्या बायकांचं लग्न कितव्या वर्षी मोडतं? आठव्या, दहाव्या, बाराव्या. ती म्हणते, “दहा वर्षं फेडलंय हो, आता अर्धं घर तरी आपलं झालं असेल.” तिच्या हिशेबानं अर्धं झालेलं असतं. बँकेच्या हिशेबानं मुद्दलाचे शंभरातले २९ रुपये फिटलेले असतात.

यावर कुणी म्हणेल, बाई, तुम्ही घाबरवता. भाड्याच्या घरात राहिलो तर भाडंही जातंच की. बरोबर आहे. भाडं जातं, दर अकरा महिन्यांनी घरमालकाचं तोंड बघावं लागतं, आणि नवऱ्यानं टाकलेल्या बाईला भाड्यानं खोली द्यायची तर लोक दहा प्रश्न विचारतात. शिवाय आजच्या १८ हजारांना जी किंमत आहे ती वीस वर्षांनी नसेल. ज्याचा पगार वाढत जातो त्याला तोच हप्ता पुढे हलका वाटतो. घर घेऊ नका, असं मी मुळीच सांगत नाही. मला वाटतं, बाईनं घर घ्यावं, जरूर घ्यावं. पण पगार कुणाचा वाढतो? आठवा वेतन आयोग कुणाला आणि आठ घरची धुणीभांडी कुणाला? जिची कमाई वर्षानुवर्षं तिथल्या तिथेच राहते, तिला शेवटचा हप्ताही पहिल्याइतकाच जड असतो.

आणि तिला दरही जास्त पडतो. भाजी विकणारी, घरकाम करणारी, शिवणकाम करणारी. तिच्याकडे पगाराची चिठ्ठी नसते, म्हणून बँक दारात उभं करत नाही. मग ती जाते घरकर्ज देणाऱ्या खाजगी कंपनीकडे. तिथे समजा १३ टक्के दर लागला. ८ लाखांचं कर्ज, २० वर्षं. हप्ता ९,३७३ रुपये आणि एकूण फेड साडेबावीस लाखांच्या आसपास. ९ टक्क्यांनी हेच कर्ज सव्वासतरा लाखांत फिटलं असतं. गरीब बाई गरीब आहे म्हणून सव्वापाच लाख रुपये जास्त देते. त्यावर प्रक्रिया शुल्क असतं, मूल्यांकनाची फी असते, विम्याचा हप्ता असतो.

विम्याबद्दल दोन वाक्यं. कर्जाबरोबर जीवनविमा गळ्यात मारतात. “आत्ता भरू नका, कर्जातच घालू,” असं गोड बोलून सांगतात. ५०,००० चा एकरकमी हप्ता कर्जात घातला की ९ टक्क्यांनी वीस वर्षांत तो १ लाख ८ हजारांना पडतो. विमा वाईट नाही, कमावणारं माणूस गेलं तर तोच घर वाचवतो. पण त्याच कंपनीचा घेण्याची सक्ती नाही, बाहेर चौकशी करा. आणि विमा कुणाच्या जिवाचा आहे, ते बघा. हप्त्यात दोघांची कमाई असेल तर विमाही दोघांचा हवा.

आता सगळ्यांत फसवी गोष्ट, बदलता व्याजदर. बहुतेक घरकर्जं बदलत्या दराची असतात. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर २०२० च्या मे महिन्यापासून ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो वाढत गेला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा टक्क्यांवर पोचला. अडीच टक्क्यांची वाढ. एका जोडप्यानं २०२१ मध्ये ७ टक्क्यांनी २० लाख घेतले असं धरा. हप्ता १५,५०६. दोन वर्षांनी दर साडेनऊ टक्के झाला आणि बँकेनं हप्ता तोच ठेवला. घरात सगळे खूश, हप्ता वाढला नाही! पण आता महिन्याचं व्याजच १५,०५३ रुपये होतं. मुद्दलाला उरतात साडेचारशे. या चालीनं गेलं तर राहिलेली १८ वर्षांची फेड ३७ वर्षांवर जाते. प्रत्यक्षात इतकी मुदत बँक देत नाही. कर्जदाराच्या निवृत्तीचं वय आडवं येतं आणि मग एके दिवशी हप्ता अचानक वाढवला जातो. पण मधली काही वर्षं घरात कुणाला काही कळत नाही, कारण हप्ता तोच असतो.

या प्रकारावर बऱ्याच तक्रारी झाल्या. रिझर्व्ह बँकेनं १८ ऑगस्ट २०२३ ला परिपत्रक काढलं. त्यानुसार दर वाढला तर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं करायचं, हे निवडण्याची संधी कर्जदाराला द्यायला हवी. दर तीन महिन्यांनी हिशेबाचा कागद मिळायला हवा. आजवर मुद्दल किती गेलं, व्याज किती गेलं, हप्ते किती उरले आणि दर किती आहे, हे त्यात असलं पाहिजे. ज्यांच्या घरी कर्ज आहे त्यांनी हा कागद शेवटचा कधी पाहिला? हात वर करा. बघा, एकही हात वर नाही. २०२५ मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्यानं उतरला आणि डिसेंबरात सव्वापाच टक्क्यांवर आला. चढताना वाढलेली मुदत उतरताना कमी झाली का, हे विचारायला पाहिजे. कर्ज जुनं असेल, २०१९ च्या ऑक्टोबरच्या आधीचं, किंवा बँकेऐवजी कंपनीचं असेल, तर दर आपल्याआप उतरेलच असं नाही. अर्ज करून, थोडं शुल्क भरून तो बदलून घ्यावा लागतो. जी विचारत नाही ती जुन्याच दरानं भरत राहते.

इथवरचा हिशेब बाईपुरुष दोघांना सारखाच आहे. पण घराच्या आत शिरलं की हिशेब बदलतो.

त्या नर्सकडे परत येते. दोघं नोकरी करत होते. घरात अशी वाटणी ठरली की त्याच्या पगारातून बँकेचा हप्ता जाईल आणि तिच्या पगारातून घरखर्च. वाटणी अगदी समान दिसते. तिच्या पैशातून किराणा, दूध, लाइटबिल, मुलीची फी, सासूबाईंची औषधं. दहा वर्षांनी त्याच्या पासबुकात काय दिसतं? घर. तिच्या पासबुकात काय दिसतं? काहीच नाही. तिचा पैसा खाल्ला, प्यायला, जळाला. तिनं घर चालवलं म्हणून तो हप्ता भरू शकला, हे तुम्हाला मला दिसतं. कागदाला दिसत नाही.

सुरुवातीला भरायची रक्कम कुठून आली? बँक घराची पूर्ण किंमत कधीच देत नाही. उरलेली रक्कम आपली आपण उभी करायची. तिचे आठ तोळे मोडले. पाटल्या आणि आईनं केलेला हार. स्त्रीधन हे स्त्रीच्याच मालकीचं असतं, असा निकाल सर्वोच्च न्यायालयानं १९८५ मध्येच दिला आहे. पण आठ तोळे एकदा मोडले आणि त्यांचा पैसा घरात जिरला, की नंतर ते स्त्रीधन होतं हे सिद्ध कोण करणार?

आणि सही? बँकेनं तिला सहकर्जदार केलं, कारण तिचा पगार धरला की कर्ज जास्त बसत होतं. खरेदीखत मात्र एकट्या नवऱ्याच्या नावावर. “दोन दोन नावं कशाला, उद्या काही करायचं तर दोघांच्या सह्या लागतील,” असं सासरे म्हणाले होते. मैत्रिणींनो, हा फरक घट्ट धरून ठेवा. जो सहमालक असतो त्याला बँक सहकर्जदार व्हायला लावतेच. पण जी सहकर्जदार आहे ती सहमालक असतेच असं नाही. सहकर्जदाराची जबाबदारी निम्म्या कर्जाची नसते, पूर्ण कर्जाची असते. नवऱ्यानं भरलं नाही तर बँक सगळी रक्कम तिच्याकडे मागू शकते. तिचं पतपत्रक खराब होतं आणि उद्या तिला स्वतःसाठी एक खोली घ्यायची म्हटलं तर कर्ज मिळत नाही. म्हणजे मालकी शून्य आणि जबाबदारी शंभर टक्के.

काही बँका बाई कर्जदार असली की व्याजात ०.०५ टक्क्यांची सूट देतात. अटी निरनिराळ्या असतात. ऐकायला छान वाटतं. मी हिशेब केला. आपल्या २० लाखांच्या कर्जावर ही सूट महिन्याला ६४ रुपये होते. नाव लावायला माझी हरकत नाही, सूट जरूर घ्या. पण ६४ रुपयांसाठी नाव फक्त कर्जावर लागणार असेल, तर ते फार स्वस्तात गेलं.

महाराष्ट्रात १ एप्रिल २०२१ पासून राहतं घर केवळ स्त्रीच्या नावावर घेतलं तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे. चाळीस लाखांच्या घरावर चाळीस हजार रुपये. आधी अशी अट होती की पंधरा वर्षं ते घर पुरुषाला विकता येणार नाही. ती अट २०२३ मध्ये काढून टाकली. विकण्याचं स्वातंत्र्य बाईला मिळालं, हे चांगलंच झालं. पण स्वातंत्र्याबरोबर दबावही येतो. सवलतीपुरतं बायकोच्या नावावर घेतलेलं घर पुढे तिच्याकडून लिहून घेतलं जातं. कार्यकर्ती म्हणून तुमच्याकडे अशी बाई आली, तर ‘कुठेही सही करू नको, आधी कागद दाखव,’ एवढं तरी सांगा.

आता कायदा काय म्हणतो ते पाहू. आपल्यापैकी अनेकींना वाटतं की लग्न झालं, म्हणजे नवऱ्याच्या घरात निम्मा वाटा आपोआप झाला. तसं नाही. शेजारच्या गोव्यात १८६७ च्या पोर्तुगीज नागरी कायद्याचा वारसा आहे. तिथे लग्नाआधी वेगळा करार केला नसेल तर नवराबायकोची मालमत्ता सामाईक धरली जाते. आपल्याकडे तसं नाही. आपल्याकडे ज्याच्या नावावर कागद त्याचं घर. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचाराच्या कायद्यानं आपल्याला सामाईक घरात राहण्याचा हक्क दिला. २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं स्पष्ट केलं की घर सासूसासऱ्यांच्या मालकीचं असलं तरी ते सामाईक घर ठरू शकतं. हा फार मोठा आधार आहे. पण तो छपराचा हक्क आहे, मालकीचा नाही. आणि त्या छपरावर बँकेचा बोजा असेल तर छप्परही डळमळीत.

मग करायचं काय? बायकांना सांगता येतील अशा गोष्टी सांगते. तुमच्या गटाच्या बैठकीत या एक एक करून घ्या.

सही करण्याआधी तीन आकडे मागायचे. एकूण किती भरायचं? दर दोन टक्क्यांनी वाढला तर हप्ता किंवा मुदत किती होईल? आणि सगळी फी, शुल्कं धरून वर्षाचा खरा दर किती पडतो? १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाच्या वेळी बँकेला एकूण फेड आणि वर्षाचा खरा दर एका पत्रकात, कर्जदाराला समजेल अशा भाषेत द्यावा लागतो. ‘मराठीत द्या’ म्हणायला लाजायचं नाही.

दुसरं, खरेदीखतावर नाव. दोघांचं कर्ज असेल तर दोघांचं घर, आणि वाटा किती तेही लिहून घ्यायचं. घर आधीच नवऱ्याच्या नावावर झालं असेल तर बक्षीसपत्रानं बायकोचं नाव लावता येतं. महाराष्ट्रात नवराबायकोतल्या राहत्या घराच्या बक्षीसपत्राला मुद्रांक शुल्क अगदी कमी आहे. कर्ज चालू असेल तर बँकेची संमती लागते.

तिसरं, पैशाची वाट कागदावर दिसली पाहिजे. दागिने मोडले तर सराफाची पावती स्वतःच्या नावाची घ्यायची, पैसे स्वतःच्या खात्यात जमा करायचे आणि तिथून चेकनं बिल्डरला द्यायचे. आणि हप्त्याचा काही भाग, अगदी दोन हजार का असेना, स्वतःच्या खात्यातून जाऊ द्यायचा. किराणा त्यालाही आणू दे.

चौथं, जमेल तेव्हा जादा भरायचं. बदलत्या दराचं व्यक्तिगत घरकर्ज मुदतीआधी फेडायला दंड नाही. बँकांसाठी हा नियम २०१२ पासून आहे. आपल्या २० लाखांच्या कर्जावर दर वर्षाच्या शेवटी एक हप्ता जादा भरला, तर वीस वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांच्या आसपास फिटतं आणि साडेचार लाखांहून जास्त व्याज वाचतं. मात्र जादा भरताना अर्जात लिहायचं, ‘मुदत कमी करा, हप्ता तोच ठेवा.’

पाचवं, कर्ज फिटलं की काम संपलं नाही. घराचे मूळ कागद तीस दिवसांत परत मिळाले पाहिजेत. १ डिसेंबर २०२३ पासूनच्या नियमानुसार बँकेच्या चुकीनं उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे.

आणि सहावं, नोटीस आली तर ती कपाटात ठेवायची नाही. साधारण नव्वद दिवस हप्ता थकला की खातं बुडीतात जातं. त्यानंतर २००२ च्या सरफेसी कायद्याखाली साठ दिवसांची नोटीस येते. त्या साठ दिवसांत बँकेला लेखी उत्तर देता येतं, हप्त्यांची फेररचना मागता येते. ताब्याची कारवाई झाली तर पंचेचाळीस दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते. वकिलाला पैसे नाहीत? १९८७ च्या विधी सेवा कायद्यानं प्रत्येक स्त्रीला मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे, तिचं उत्पन्न कितीही असो. बँक तक्रारीला उत्तर देत नसेल तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे फुकट तक्रार करता येते.

ही झाली एकेकीनं करायची कामं. आपली सगळ्यांची मिळूनही एक मागणी असायला हवी. १९८६ मध्ये चांदवडला शेतकरी बायकांचं प्रचंड अधिवेशन झालं. पुढे शेतकरी संघटनेनं लक्ष्मी मुक्तीचा कार्यक्रम घेतला आणि गावोगावच्या शेतकऱ्यांनी जमिनीचा तुकडा बायकोच्या नावे केला. तेव्हा प्रश्न सातबाऱ्याचा होता. आज शहरात, तालुक्याच्या गावात तोच प्रश्न फ्लॅटच्या खरेदीखताचा आहे. जिची सही कर्जावर, तिचं नाव घरावर, एवढी साधी ती मागणी आहे. बँकेनं बाईला सहकर्जदार करताना नवऱ्याला बाहेर बसवून तिला एकटीला विचारावं, ‘बाई, या घरात तुमची मालकी आहे का? नसेल तर हे पूर्ण कर्ज तुमच्या अंगावर येऊ शकतं, हे तुम्हाला ठाऊक आहे का?’ पाच मिनिटांचं काम आहे.

त्या नर्सचं पुढे काय झालं, हे तुम्ही विचारणारच. न्यायालयात अर्ज केला. घर परस्पर विकायला मनाई मिळाली. मग बोलणी झाली. बँकेच्या संमतीनं घर विकलं, कर्ज फिटलं, तिच्या नावावरचा बोजा उतरला. तिला तिच्या आठ तोळ्यांची रक्कम परत मिळाली, आणि ती कशी मिळाली ते सांगते. सराफाची पावती तिनं मुलीच्या लसीकरणाच्या फायलीत जपून ठेवली होती, आणि पैसे तिच्या खात्यातून गेले होते. अर्धा वाटा मात्र मिळाला नाही. दहा वर्षांच्या किराण्याची पावती कुणाकडे असते?

ती आज भाड्याच्या घरात राहते. मागच्या महिन्यात भेटली तेव्हा म्हणाली, “ताई, मुलगी नोकरीला लागली की दोघी मिळून घर घेणार. या वेळी तक्ता मी वाचणार.”

चहा आला आहे. चहा झाला की गटागटानं बसू. प्रत्येक गटाला एक कोरा तक्ता देते. ज्यांच्या घरी कर्ज आहे त्यांनी आपले आकडे घाला. हप्ता आठवत नसेल तर आत्ता घरी फोन लावा आणि विचारा, “आपलं किती उरलंय?” दुसरा प्रश्नही विचारा, “खरेदीखतावर कुणाकुणाचं नाव आहे?” उत्तर काय आलं, ते इथे सगळ्यांसमोर सांगायची गरज नाही. आपल्यापुरतं तक्त्याच्या वरच्या कोपऱ्यात लिहून ठेवा.